आमच्या घरचा हर्निया

बाबांचं हर्नियाचं ऑपरेशन झालं, असं मी सगळ्या वाडीला सांगितलं. ओरोसला ऑफिसात सांगितलं, कट्टा गावच्या एसटी स्टँडवर जो भेटेल त्याला सांगितलं. मुंबईच्या भावाला तेवढं खरं काय ते फोनवर कळवलं.  तो म्हणाला, "तू आहेस ना तिथे." झालं. मी आहे ना इथे! लग्न न झालेली बहीण घरात असली की भावांना या वाक्याची फार सोय होते.

बाबांना लघवीचा त्रास होता, कंबर दुखत होती. वयाने असेल म्हणून त्यांनी ते अंगावर काढलं, आणि मी गोव्याच्या इस्पितळात नेलं तोवर प्रोस्टेटचा कॅन्सर हाडांपर्यंत पोचला होता. डॉक्टर कोकणी वळणाचं मराठी बोलणारे, शांत स्वभावाचे. त्यांनी सांगितलं की हा आजार पुरुषाच्या अंगातल्या हार्मोनवर पोसतो. हार्मोन बंद केला की आजार उपाशी पडतो, माणूस चांगली वर्षं काढतो. त्यासाठी दर तीन महिन्यांनी इंजेक्शन घ्यायचं, नाहीतर एकदाच एक छोटं ऑपरेशन करायचं.

"कसला ऑपरेशन?" बाबांनी विचारलं.

"तो हार्मोन जिथे तयार होतो, तेच काढून टाकायचं."

 बाबा म्हणाले, "म्हंजे पाड्याक बडयतत तसा?"

डॉक्टर म्हणाले, "तसंच. पण भूल देऊन."

मी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत होते. त्यावर एका गुटगुटीत बाळाचं चित्र होतं. त्या बाळाचा केसन् केस मला अजून आठवतो, इतकं मी त्याला बघितलं. जन्मदात्या बापाच्या त्या अवयवांची चर्चा चालली आहे आणि मी पोरगी शेजारच्या खुर्चीत बसले आहे! बाबा माझ्याकडे बघत नव्हते, मी त्यांच्याकडे बघत नव्हते. डॉक्टर बिचारे एकदा इकडे बघत, एकदा तिकडे.

"इंजेक्शनां नको," बाबा म्हणाले. "दर खेपेक लोकांका दाखवचा लागतला. एकदाच काय ता करून टाका."

 परतीच्या एसटीत, बांद्याला गाडी थांबली तेव्हा बाबांनी खिडकीबाहेर बघत विचारलं, "वाडीत काय सांगतलंस?"

मी म्हटलं, "हर्निया." त्यांनी मान हलवली. तेवढंच ठरलं.

पाडा बडवणं म्हणजे काय हे आमच्याकडे सांगावं लागत नाही. नांगराला जुंपायचा पाडा, म्हणजे तरणा बैल, जरा माजायला लागला की त्याला खाली पाडून, पाय बांधून, त्याच्या वृषणांच्या शिरा ठेचायच्या. पुढे जनावरांचे डॉक्टर चिमटा घेऊन यायला लागले, पण माझ्या लहानपणी हे काम वाडीतले पुरुषच करत आणि त्यात बाबा पुढे असत. पाडा धरायला त्यांच्यासारखा हात नाही, असं लोक म्हणत. त्या दिवशी बायकांनी घरापुढच्या खळ्यात यायचं नाही हा शिरस्ता. आई मला माजघरात घेऊन बसायची आणि दार लावायची. दार लावून काय होतं? पाड्याचा तो ओरडा कौलातून यायचा. मग बाबा हात धुऊन आत येत, कोणाशी न बोलता हळद आणि खोबरेल मागून घेत. आई ते उंबऱ्यावर ठेवायची, हातात द्यायची नाही. पुढचे काही दिवस बाबा त्या पाड्याला दाव्याला धरून स्वतः फिरवत, आणि पाडा मुकाट्याने त्यांच्या मागून चालत असे. काय झालं होतं, हे मी कधी विचारलं नाही. विचारायचं नसतं हे मुलीला कोणी शिकवावं लागत नाही.

आणि गंमत बघा. त्याच गोष्टीचा शुद्ध मराठीतला शब्द मी ऑफिसात इतकी वर्षं बिनदिक्कत टाइप करत आले. कर्मचाऱ्यांचं खच्चीकरण, मनोधैर्याचं खच्चीकरण. कोणाची बदली झाली की निवेदनात हा शब्द हटकून येणार. साहेब चारचौघांत ओरडले की चहाच्या वेळी कोणीतरी म्हणणार, "खच्ची केला रे माणसाला!" मीही म्हणायची, खारी चहात बुडवत. बाबांच्या ऑपरेशननंतर एका निवेदनात तो शब्द आला आणि माझी बोटं अडली. मी 'खच्चीकरण' खोडून 'हानी' लिहिलं. सहकारी म्हणाला, जोर गेला हो त्यातला. मी म्हटलं, जाऊ दे जोर.

ऑपरेशन नीट झालं. बाबा घरी आले आणि आजाऱ्याला बघायला माणसं यायला लागली. मोसंबी आली, बिस्किटांचे पुडे आले, शहाळी आली. इथे माझी चूक मला कळली. अहो, आमच्या वाडीत अर्ध्या पुरुषांना हर्निया होऊन गेलेला! जड ओझी उचलणारी माणसं ती. प्रत्येकाला ऑपरेशनचा अनुभव, प्रत्येकाकडे पथ्याची यादी. बाबा बिछान्यात पडून हर्नियावरची व्याख्यानं ऐकत होते.

एका दुपारी शेजारचे काका आले. बाबांच्या बरोबरीचे, लहानपणापासूनचे दोस्त. त्यांचं हर्नियाचं ऑपरेशन मागल्याच वर्षी झालेलं. मी चहा घेऊन आत गेले तर ते उभे राहून लुंगी एका बाजूने खाली सारत होते.

"ह्यो बघ माझो टाको. दाखय रे तुझो. माझ्यापेक्षा मोठो काय?"

बाबा म्हणाले, "ऱ्हवांदे."

"अरे दाखय रे मेल्या! माझी कसली लाज?" असं म्हणून काकांनी हसत हसत बाबांच्या पांघरुणाचं टोक धरलं.

बाबांनी दोन्ही हातांनी पांघरूण गच्च धरलं. त्यांचा चेहरा मी तसा कधी बघितला नव्हता. पाडा धरायला ज्याच्यासारखा हात नाही असं लोक म्हणत, तो माणूस एक सुती चादर धरून ठेवायला धडपडत होता. मग त्यांनी भिंतीकडे तोंड फिरवलं.

मी चहा खाली ठेवून मध्ये पडले. "काका, सोडा ता! हंय काय प्रदर्शन लावलास? चाय घेवा आणि जावा घराकडे!"

काका हबकले. लुंगी सावरत, चहा न घेताच गेले. संध्याकाळपर्यंत वाडीभर झालं की चेडू, म्हणजे मी पोरगी, लय चढेल, म्हाताऱ्या माणसाला घालवून दिलं. म्हणू देत. मी कप विसळून आले तेव्हा बाबा भिंतीकडे बघतच म्हणाले, "हर्निया कित्या सांगलंस गो? अपेंडिक्स सांगूक जमला नाय?"

त्यावर मला हसू आलं आणि त्याच दमात रडूही आलं. ते मात्र हसले नाहीत.

त्यानंतर बाबा घराबाहेर पडेनासे झाले. जखम भरली, कंबर दुखायची थांबली, तरी नाहीत. आंघोळ चड्डी घालूनच करायचे, आपले कपडे आपण धुवायचे आणि माझ्या नजरेला पडू नयेत म्हणून मागच्या पडवीत वाळत टाकायचे. देवळात सगळ्या गावाच्या वतीने देवाला मोठ्या आवाजात गाऱ्हाणं घालायचं, हा आमच्या घराचा मान. बाबांचा आवाज खणखणीत, पार रस्त्यापर्यंत ऐकू जायचा. जत्रेला त्यांनी चुलतभावाच्या मुलाला पुढे केलं, पाय दुखतात म्हणून. घरी मला म्हणाले, "देवासमोर माणूस अख्खो लागता."

 अख्खं म्हणजे काय, हे देवाला जाऊन विचारू का?

तपासणीची वेळ आली. रक्त तपासल्याशिवाय आजार थांबला की नाही ते कळणार नव्हतं, आणि थांबला नसेल तर पुढची औषधं लगेच सुरू करायला हवी होती. बाबा म्हणाले, येत नाही. मी गोड बोलले, रागावले, भावाकडून फोन करवला. नाही म्हणजे नाही. "मराक दी," एवढंच. डॉक्टरांनी दिलेली तारीख निघून गेली.  बाबा उगाच मरणार, आणि तेही लाजेपायी, हे मला स्वच्छ दिसत होतं.

पौषातली सकाळ होती. खळ्यात दव पडलेलं, शेजारी सुक्या पानांचा पातेरा पेटवून शेकत बसलेले. मी बाबांच्या खोलीत चहा घेऊन गेले तर पंखा भरधाव चाललेला आणि बाबा उघड्या अंगाने खाटेवर बसलेले. तोंड लालबुंद, मानेवरून घामाच्या धारा. मला बघून त्यांनी घाईघाईने टॉवेल छातीवर ओढून घेतला.

"बाबा, काय होता? ताप इलो?"

"जा तू."

"कधीपासना होता ह्या?"

"जा म्हणतंय ना!" आणि मग आवाज फुटला त्यांचा. "भट्टीत घातल्यासारख्या होता. दिवसातना धा खेपे. उगाच रडाक येता. बायलमाणूस केल्यानी गो माका! बायलमाणूस!"

मला आधी कीव आली. पण ती टिकली नाही. तो शब्द त्यांनी असा उच्चारला होता, जशी त्याहून वाईट गत माणसाची होऊच शकत नाही. डोक्यात तिडीक गेली माझ्या. चहा मी स्टुलावर आदळलाच.

"मगे? बायलमाणूस झालास तर काय झाला? पन्नास वर्सां मी बायलमाणूसच आसंय. मी काय मेलंय? ह्या घरात ढोरां कोण बघता? तुमका गोव्याक कोणी नेलान? अख्ख्या माणसान? तो मुंबैत बसलो हा तुमचो अख्खो माणूस!"

 मी थांबायला हवं होतं, पण थांबले नाही. "आणि ह्या जा तुमका होता, ता माकाय होता. असोच घाम, अशीच भट्टी. बायकांका ह्या वयात होता. डॉक्टरान माका सांगलेला, ऑपरेशनानंतर तुमका होतला. मी तुमका सांगूक नाय, कारण माका लाज वाटली. झाला?"

बोलून गेले आणि कानशिलं तापली. बापासमोर पाळी जाण्याची गोष्ट! आई असती तर तिने माझं तोंड दाबलं असतं. पंखा घरघरत होता. बाहेर शेकणाऱ्यांपैकी कोणीतरी खोकत होतं. त्यांनी ऐकलं असेल का, याचीच मला धास्ती.

"तुका?" बाबा म्हणाले. "कधीपासना?"

"दोन वर्सां होतीत."

"आणि कोणाक सांगलंस?"

"कोणाक सांगतलंय? घरात तुमी आणि ढोरां."

 या दोन वर्षांत पंखा जोरात लावला म्हणून बाबा माझ्यावर कितीदा ओरडले होते, दार उघडं टाकून झोपते म्हणून, कारण नसताना रडते म्हणून. ते सगळं त्यांना आठवत असावं, कारण त्यांची मान हळूहळू खाली गेली. डॉक्टरांसमोर ती गेली नव्हती, काकांनी पांघरूण ओढलं तेव्हाही नाही.  मग ते खाटेवर थोडे सरकले आणि पंख्याचा वारा जिथे लागतो ती जागा हाताने थोपटली. मी बसले. आम्ही दोघं वारा खात बसलो. चहा निवून गेला.

दोन दिवसांनी त्यांनी स्वतःच धुतलेला सदरा काढला आणि म्हणाले, "चल गोव्याक."

डॉक्टरांच्या खोलीत त्या दिवशी गर्दी होती. चार-पाच शिकाऊ डॉक्टर कडेने उभे, दार अर्धं उघडं, बाहेर रांग. डॉक्टरांनी सकाळच्या रक्ततपासणीचे कागद बघितले आणि समाधानाने मान हलवली. आजाराचा आकडा खाली आला होता. माझा जीव भांड्यात पडला. "बाकी काय त्रास?" त्यांनी विचारलं.

मी भिंतीकडे बघायच्या तयारीत होते. पण बाबांनी खाकरून गळा साफ केला आणि गाऱ्हाण्याचा तो आवाज काढला, थेट रांगेच्या शेवटापर्यंत पोचेल असा.

"माका बडयलास, त्येचा काय नाय. अंग भाजता, ता मी सोसतंय. पण ह्या माझ्या चेडवाकय तसाच होता. दोन वर्सां झाली, कोणाक बोलाक नाय. हिका पयली बघा."

एक शिकाऊ मुलगी ओठ चावून खाली बघायला लागली. रांगेतली डोकी दारातून आत आली. धरणी दुभंगावी असं मला झालं. डॉक्टर हळूच म्हणाले, "आजोबा, मी त्याचा डॉक्टर नव्हे. त्यासाठी बायकांची डॉक्टर वेगळी, वरच्या मजल्यावर."

"मगे तिका बोलवा," बाबा म्हणाले. त्यांनी माझा दंड धरून मला शेजारच्या स्टुलावर बसवलं. "आमी हंयच बसलंव."