हुकुमावर सौदा न करणारे वकीलकाका

कोर्टाचा हुकूम हातात आला की आमचे वकीलकाका तो उभं राहून वाचायचे. जेवत असले तरी हात धुऊन उठायचे. मग शेवटचा परिच्छेद मराठीत सांगून माझ्याकडून शाळेतल्यासारखा म्हणवून घ्यायचे. "कारखानदार, वरचं सगळं आपलं भांडण. हुकूम एवढाच." मी सातवी नापास, पण ते वाक्य अजून पाठ आहे: पंधरा दिवसांत रस्त्यावरचं फाटक प्रतिवादीनं काढावं.

रस्ता माझ्या शेडचा होता. बजाजनगरच्या मागं एका वेल्डिंग मशीनवर मी धंदा उभा केला, आणि पुढच्या प्लॉटवाल्यानं वाटेतच लोखंडी फाटक ठोकलं. हायकोर्टात मी जिंकलो. फाटक मात्र हललं नाही. तेव्हा काकांनी अवमान याचिका लावली.

प्लॉटवाला बेरकी. तारखेच्या आदल्या दिवशी फाटक उघडून फोटो काढायचा, हुकूम पाळल्याचं प्रतिज्ञापत्र द्यायचा, आणि तारीख झाली की पुन्हा कुलूप. एकदा मला म्हणाला, "शेठ, दिवसा उघडं ठेवतो, रात्री बंद. मिटवून टाका." मी घासाघीस करूनच मोठा झालेला माणूस, लगेच तयार झालो. काका भडकले. "मेथीची जुडी घ्यायला निघालात का? अर्धा पाळलेला हुकूम मोडलेलाच असतो. आणि ऐका, तुम्ही त्या फाटकाला बोट लावायचं नाही. ज्याला सांगितलंय, त्यानंच काढायचं."

चार महिने मी बोट लावलं नाही. मग एके दुपारी तयार माल भरलेला माझा टेम्पो कुलपापुढं उभा राहिला आणि माझं डोकं फिरलं. गॅस कटर माझाच, हातही माझाच. बिजागऱ्या कापून फाटक आडवं केलं.

काकांना म्हणालो, "भंगारवाल्यांनी नेलं म्हणून सांगा." त्यांनी फाइल मिटून पिशवीत घातली. मला वाटलं, कबूल झाले.

सुनावणीला समोरचा वकील म्हणाला, फाटक आता नाही, हुकुमाचं पालन झालं. न्यायमूर्तींनी काकांना विचारलं, "कोणी काढलं?"

"माझ्या अशिलानं कापलं, साहेब."

मला तो प्लॉटवाला एक दिवस तरी आत गेलेला बघायचा होता. तो माफी मागून सुटला. कायदा हातात घेतला म्हणून मलाही लेखी माफी द्यावी लागली. बाहेर जिन्यावर तो हसला, "लई झालं शेठ, आता दोघं बी सारखेच की!"

मी चेंबरमध्ये ओरडलो, "काका, तुम्ही माझे वकील का त्याचे?"

"तुमचाच. कापलं तुम्ही, खोटं मी बोलायचं होतं व्हय?"

त्यानंतर मी तिकडं फिरकलो नाही. मागच्या वर्षी ते गेले. मातीलाही गेलो नाही. राग होता, आजही आहे.

आता प्लॉटवाल्यानं नवं फाटक बसवलंय. मी नव्या वकिलाकडं गेलो. तरणा, चलाख पोरगा. मी सगळं सांगायला लागलो, तर हात वर करून म्हणाला, "काय घडलं ते राहू द्या शेठ. काय सांगायचं ते मी ठरवतो."

हाच वकील मला तेव्हा हवा होता. वकीलपत्र पुढं होतं, पेन हातात होतं, आणि सही काही होईना.