पाव दिवस कमी

सातवीण फुलली की आमच्या बदलापूरच्या शिरगावातली संध्याकाळ जड होते. खिडकी उघडी ठेवावी तर त्या गोडसर, उग्र दर्पानं डोकं भणाणतं आणि लावून घ्यावी तर ऑक्टोबरचा उकाडा घरातच मुक्काम ठोकतो. त्या दिवशी मी ती उघडत होते, लावत होते, पुन्हा उघडत होते, शेवटी माझी भाची वैतागून म्हणाली, "मावशी, एक काहीतरी ठरव ना!" ठरव म्हणे! आमच्या घरात तेवढंच कुणाला जमत नव्हतं.

भाची म्हणजे मुक्ता, सहावीतली. उल्हासनगरचं सासर सोडून माझी थोरली बहीण तिला घेऊन माझ्याकडे बदलापूरला आली, त्याला वर्ष होत आलं होतं. बाबांकडे किती राहायचं, हे दुसऱ्या दिवशी कल्याणच्या कोर्टात मुक्तालाही विचारणार होते. ताईचं म्हणणं, आठवड्याला शनिवार दुपार ते रविवार रात्र, त्याउपर एक तास नाही. मेहुण्यांचं म्हणणं, महिन्यातला एक अख्खा आठवडा तरी माझा. दोघंही तिच्यावर जीव टाकणारी, आणि त्या ओढाताणीत पोरीचा जीव टांगणीला. मला दोघांचाही संताप येत होता आणि तो मी बिचाऱ्या गणितावर काढत होते.

गणित अपूर्णांकांच्या गुणाकाराचं. शेताच्या पाऊण भागात भाजी, त्या भाजीच्या दोन तृतीयांश भागात वांगी, तर वांगी एकूण शेताच्या किती भागात? "'चा, ची, च्या' आलं की डोळे मिटून गुणायचं," मी फर्मावलं. तिनं गुणलं, उत्तर निम्मं आलं, आणि ती माझ्याकडे फसवल्यासारखी पाहू लागली. "गुणल्यावर वाढायला पाहिजे ना? हे तर कमीच झालं."

"भागाचा भाग घेतला की कमीच होणार, शहाणे!"

बोलून गेले खरी, पण माझं मन तिथंच घुटमळलं. व्याकरणात षष्ठी ही संबंधाची विभक्ती. आपण कुणाचे तरी आहोत हे सांगणारं ते इवलंसं अक्षर. आईची मुक्ता, बाबांची मुक्ता. जन्मली तेव्हा ते अक्षर किती घरांत, किती माणसांच्या तोंडी आलं होतं, आणि प्रत्येकाच्या तोंडी ती सबंध होती. आता तेच अक्षर उच्चारताना दोन्हीकडची माणसं तिचा एकेक तुकडा मोजून घेत होती. मला एकदम भीती वाटली.

शेवटचं उदाहरण स्वतः तयार करायचं होतं. मुक्ता ताठ बसून म्हणाली, "महिन्याचे साडेचार आठवडे धरले. दर आठवड्याला डेढ दिवस—"

"दीड!" मी खेकसले. उल्हासनगरच्या त्या गल्लीत सिंधी-हिंदीत वाढलेली जीभ. वळता वळत नाही.

"बरं, दीड दिवस बाबांकडे. तर महिन्यात एकूण किती?"

नऊ छेद दोन गुणिले तीन छेद दोन. सत्तावीस छेद चार. सहा पूर्णांक तीन चतुर्थांश. "पावणेसात. छान!" मी म्हटलं, पण तिचा चेहरा उतरला होता. तिनं पुन्हा मांडलं, पुन्हा गुणलं. पावणेसातच.

"मला वाटलं सात येतील," ती पुटपुटली. "सात आले असते तर आईचंही खरं झालं असतं आणि बाबांचंही. मग भांडायचं कारणच नव्हतं."

अगं बाई, म्हणजे ही गृहपाठ करतच नव्हती. उद्या कोर्टात काय सांगायचं ते शोधत होती.

स्वयंपाकघरात ताईच्या कुकरची शिट्टी झाली. तिकडे एक नजर टाकून मुक्ता माझ्याजवळ सरकली. "पाव दिवस म्हणजे सहा तास ना?"

"हो."

"मावशी," तिचा आवाज अगदी खाली गेला, "झोपेतले सहा तास बाबांना दिले तर आईला कळणार नाही ना?"

उत्तर तपासत असल्यासारखी मी कागदावर वाकले. अक्षरं पुसट दिसत होती.

"झालं का गं गणित?" ताईनं आतून विचारलं.

"बरोबर आलं!" मुक्तानं ओरडून सांगितलं. मी खिडकी लावायला म्हणून उठले आणि गजाला हात लावून तिथंच उभी राहिले.