नामदेवच्या संत्र्याची पाटी

डिसेंबरातल्या सकाळी नागपूर स्टेशनावर उतरलो, तर फलाटभर संत्र्यांच्या करंड्यांचा वास. साताऱ्याहून निघताना बायकोने बजावलं होतं, "संत्री आणल्याशिवाय घरात पाऊल टाकू नका!"

मी मात्र आलो होतो पाट्या रंगवायला. कॉलेजातला माझा मित्र नामदेव इथे वनस्पतिशास्त्र शिकवायचा. त्याला जाऊन काही वर्षं झाली होती. अंगणातल्या प्रत्येक झाडाला त्याने लॅटिन नावाची पत्र्याची पाटी लावली होती. ती अक्षरं आता उडाली होती, आणि त्याच्या स्मृतिदिनाआधी ती पुन्हा उमटावीत अशी यशोधरावहिनींची इच्छा होती.

रंगासाठी आधी इतवारीच्या बाजारात शिरलो. गल्लीत एका हातगाडीने माझ्या पांढऱ्या विजारीवर काळा पट्टा ओढून दिला. दुकानदाराने विचारलं, "काय रंगवून राहिले, भाऊ?"

"झाडांची नावं."

"झाडाले काय समजते जी नाव?"

मी रंगाचे डबे उचलले आणि नामदेवच्या घराची वाट धरली.

घर शहराच्या कडेला, हुडकेश्वरला; तिथे तेव्हा घरं कमी आणि मोकळे प्लॉट जास्त. वहिनींनी पोह्यांवर चण्याची तर्री (झणझणीत रस्सा) आणि भरपूर सांबार (कोथिंबीर) घालून बशी पुढे केली. तर्रीने माझ्या डोळ्यांतून पाणी काढलं, वहिनी मनापासून हसल्या. त्या घरात पाऊल ठेवताना मनावर असलेलं दडपण तिथे उतरलं.

मग अंगणात बसलो. नावांचे अर्थ वहिनींना तोंडपाठ होते, रोज संध्याकाळी नवऱ्याकडून ऐकलेले. 'मिमोसा पुडिका' म्हणजे लाजरी नकलाकार, आपली लाजाळू. पिंपळाच्या रोपाला 'फायकस रिलिजिओसा', धर्माचं झाड. पारिजातकापाशी मात्र पाटीच नव्हती.

"मीच काढली," वहिनी म्हणाल्या. "त्याच्या नावात 'दुःखी झाड' म्हणते. ते गेल्यावर रोज कोण वाचत बसन?"

शेवटी संत्र्याचं झाड आलं. 'सिट्रस रेटिक्युलाटा'. रेटिक्युलाटा म्हणजे जाळीदार, सालीखाली फोडींना धरून असलेल्या पांढऱ्या रेषांवरून. हे कलम नामदेवने आजारी पडण्याआधी लावलं होतं. यंदा त्याला पहिल्यांदा फळं आली होती. वहिनींनी एकही तोडलं नव्हतं. पहिलं फळ दुसऱ्या दिवशी, स्मृतिदिनाला, नामदेवच्या फोटोपुढे ठेवायचं होतं.

मी ब्रश बुडवला आणि सहज पान चुरगाळलं. वास लिंबासारखा आला. फळं पिवळट, खडबडीत होती. बुंध्याशी वाकून पाहिलं, तर कलमाचा वाळका खुंटारा एका बाजूला होता आणि झाड वाढलं होतं त्याच्या खालून. संत्र्याचा डोळा, म्हणजे फांदीवरची कळी, जंबेरी नावाच्या रानटी लिंबाच्या खुंटावर भरतात आणि खालून फुटणारे जंबेरीचे कोंब खुडून टाकतात. नामदेवच्या आजारपणात कलम वाळलं असणार. खालून फुटलेला जंबेरीचा कोंब संत्र्याचाच समजून वहिनींनी त्याला जिवापाड पाणी घातलं होतं.

"काहून थांबले, भाऊजी?"

खोटं लिहावं असं क्षणभर मनात आलं. पण हात चालेना. मी सगळं सांगितलं.

वहिनींनी बुंध्याशी वाकून तो वाळका खुंटारा बोटांनी चाचपला. "म्हणजे यांच्या हातचं कलम मेलं?"

"कलम गेलं, वहिनी. पण खुंटही त्यानेच लावलेला. तो तुम्ही जगवला. त्याच्यावर पुन्हा डोळा भरता येईल."

त्यांनी पदराने डोळे पुसले. "मंग खोटी पाटी नका लावू. त्याइले चुकीचं नाव चालतच नव्हतं. खरं काय ते लिहा."

मी लिहिलं, 'सिट्रस जंभिरी'.

"अन् याचा अर्थ?"

"आपली जंबेरीच, संस्कृतातलं जंभीर. जगभरच्या पंडितांनी ग्रीक-लॅटिन धुंडाळलं आणि इथे मात्र आपल्याच शब्दावर मान तुकवली."

त्या हसल्या, ओल्या डोळ्यांनीच. "मंग यालेच ठेवू फोटोपुढं. अन् भाऊजी, संत्र्याची पाटीही रंगवून ठेवा. डोळा लागला की लावीन."

दुसऱ्या दिवशी फोटोपुढे ते खडबडीत फळ ठेवलं, आणि मागे संत्र्याची पाटी वाळत उभी. निघताना वहिनींनी पिशवीत चार फळं घातली.

परतीच्या गाडीत फलाटाफलाटावर संत्री विकायला आली. मी घेतली नाहीत.

घरी बायकोने पिशवी उघडली, एक फळ हुंगलं आणि कपाळाला आठी घातली. "ही कसली हो संत्री?"

"नामदेवची," मी म्हणालो.