निजलेली जमीन

धरणासाठी आमच्या पोशेऱ्याकडच्या जमिनी घ्यायच्या म्हणून मोजणीवाले आले, तेव्हा मी मुद्दाम रजा टाकून गावी गेले होते. मी मोखाड्याला मास्तरीण. चार बुकं शिकलेली मुलगी सोबत असली की साहेब नीट बोलतात, असा घरच्यांचा समज. माझाही होता.

डोंगरउतारावरच्या आमच्या तुकड्याशी थांबून साहेबांनी बाबांना विचारलं, "इथं काय पिकतं?"

"आता काय नाय. ती निजलीय," बाबा म्हणाले.

आमच्याकडे उतारावर एक वर्ष नाचणी, मग वरई, मग खुरासणी, आणि त्यानंतर काही वर्षं जमीन नुसती ठेवायची. गवत वाढतं, मातीत पुन्हा जीव येतो. साहेबांनी लिहिलं, पडीक. मी समजवायला गेले तर म्हणाले, "मॅडम, पीक दिसतंय का?" दिसत नव्हतं.

गावाची बैठक बसली. जमीन द्यायची नाही, यावर एकमत होतं. दिवाळीआधी फेरतपासणी होती. पडीक लिहिलेली जमीन सरकार आधी घेणार, म्हणून तोवर निजलेले सगळे तुकडे नांगरून हिरवे दाखवायचे, असं ठरलं. बाबा अडून बसले. "अर्ध्या निजेतून उठवली तर माती पावसात खाली जाईल. मंग कोणाला खायाला घालेल ती?"

"सरकारनं नेली तर निजंल कुठं?" माझा भाऊ म्हणाला.

दोघांनी माझ्याकडे पाहिलं. मला दोघांचंही पटत होतं, आणि त्याचाच राग येत होता. शाळेत मी जमिनीची धूप शिकवते, आणि धरणाविरुद्धच्या मोर्चात घोषणाही देते. इकडे आड, तिकडे विहीर. मी म्हटलं, बघू.

आषाढात एका सकाळी बाबाच नांगर घेऊन निघाले. तुकड्यावर पोचल्यावर वाकून त्यांनी मातीला हात लावला. "उठ बाय," म्हणाले, "तुला बघाया येणारेत."

नाचणी लावली, ती विरळच आली. साहेबांनी पडीक खोडून नाचणी लिहिलं. गाव खूश झालं. पण जमीन सुटली का, ते कोणी सांगेना. पुढच्या वर्षी पुन्हा बघू, एवढंच साहेब म्हणाले.

कापणी उरकल्यावर बाबा माझ्याशेजारी येऊन बसले.

"तू शिकलीस. सांग, आता हिला निजवू का नको?"

मी उतारावरच्या दगडांकडे बघत राहिले. गेल्या वर्षी ते मातीखाली होते.