अडीच एमबीची जागा

२००९ साली माझी नोकरी गेली. हिंजवडीतल्या एका कंपनीत मी सॉफ्टवेअर तपासायचं काम करत होते. मंदी आली, आधी दोन महिने कामाशिवाय नुसतं बसवून ठेवलं आणि मग एका शुक्रवारी एचआरच्या खोलीत बोलावून ओळखपत्र काढून घेतलं. नवऱ्याची नोकरी टिकली. तो दुसऱ्या कंपनीत होता, आणि त्याच्या टीमला काम होतं.

आम्ही तेव्हा हिंजवडीशेजारच्या माण गावात दोन खोल्यांच्या भाड्याच्या घरात राहायचो. मी परभणीची, तो लातूरचा. घरमालकांची शेती आयटी पार्कमध्ये गेली होती आणि उरलेल्या जागेवर त्यांनी तीन मजले चढवले होते. खालच्या मजल्यावर ते स्वतः, वर आमच्यासारखी भाडेकरू मंडळी. घरमालकीणबाईंना सगळे मावशी म्हणायचे. वय पन्नाशीच्या आसपास, नऊवारी नेसायच्या, आवाज मोठा, आणि जे वाटेल ते तोंडावर बोलायच्या. पहिल्याच महिन्यात त्यांनी मला जिन्यात अडवून सांगितलं होतं, "तुमी पानी लई सांडताया. खाली भितीला वल येती." माझी चूक होती. मी नळ दुरुस्त करून घेतला आणि आमचं जमलं.

नवरा आदल्या वर्षी सहा महिने परदेशात कामाला गेला होता. येताना त्याने टीव्हीला जोडायचा गेमिंग कन्सोल आणला, स्वेटरांत गुंडाळून, हातातल्या बॅगेतून. काळा, चकचकीत, जड. त्यातली हार्ड डिस्क चाळीस जीबीची होती आणि तेव्हा ती आम्हाला अफाट वाटली होती. शनिवार-रविवार त्याचे दोन मित्र यायचे आणि तिघं मिळून गोळीबाराचे नाही तर फुटबॉलचे गेम खेळायचे. मी त्याला हात लावत नव्हते.

नोकरी गेल्यावर दुपार संपायचीच नाही. अर्ज पाठवून व्हायचे, स्वयंपाक आवरलेला असायचा, बाहेर उन्हात कुठे जायची सोय नाही. एका दुपारी मी सहज तो काळा डबा चालू केला आणि मोटारींच्या शर्यतीचा गेम लावला. त्यात सरळ शर्यतीत उतरता येत नव्हतं. आधी लायसन्स काढायचं, त्याच्या परीक्षा द्यायच्या. ठरलेल्या वेळात वळण घ्यायचं, ठरलेल्या रेषेवर ब्रेक लावून थांबायचं. नापास झालं की पुन्हा. मला ते आवडलं. त्या दिवसांत मी कशात तरी पास होत होते.

मावशी एकदा भाड्याची पावती द्यायला वर आल्या आणि दारातच थबकल्या.

"ही गाडी तुमी चालवताया?"

"हो मावशी. या, बसा."

त्या बसल्या. अर्धा तास बघत राहिल्या. दुसऱ्या दिवशी दुपारी भांडी आवरून, पदराला हात पुसत पुन्हा आल्या. तिसऱ्या दिवशी मी रिमोट त्यांच्या हातात दिला. त्यांनी तो आधी उलटसुलट करून पाहिला आणि म्हणाल्या, "आमच्यात टॅक्टर आला तवा मी म्हनलं व्हतं, मला शिकवा. समदी हसली."

मावशींसारखा ड्रायव्हर मी त्या गेममध्ये दुसरा पाहिला नाही. शर्यत सुरू झाली की त्या गाडी कडेला घ्यायच्या आणि बाकीच्यांना पुढे जाऊ द्यायच्या. मी म्हणायचे, "मावशी, आपल्याला पुढे जायचंय."

"जाऊ द्या त्यांला. घाई हाय त्यांला."

पण परीक्षांमध्ये त्या चिवट होत्या. धडक न देता, रेघ न ओलांडता, एक एक परीक्षा. एका वळणाची परीक्षा त्यांनी अकरा दिवस दिली. रोज दुपारी दोन ते चार, आणि त्यातही लोडशेडिंग असायचं, म्हणून मी त्यांना शिकवलं की प्रत्येक परीक्षेनंतर आधी सेव्ह करायचं. माझं होतं तसंच त्यांच्यासाठीही कन्सोलवर वेगळं खातं उघडून दिलं. अकराव्या दिवशी पडद्यावर चषक आला तेव्हा त्यांनी रिमोट शांतपणे मांडीवर ठेवला आणि म्हणाल्या, "च्या करा." चार महिन्यांत त्यांची तीन लायसन्सं झाली होती. त्यांची एक पांढरी छोटी गाडी होती. जिंकलेल्या पैशांतून मोठी गाडी घेता येत होती, पण त्यांनी घेतली नाही. "हिची सवय झाली," म्हणायच्या.

ऑगस्टमधल्या एका शनिवारी मी बाणेरला मुलाखतीला गेले. दोनशे माणसं रांगेत होती. चार तास उभी राहिल्यावर मला सहा मिनिटं मिळाली. कळवू म्हणाले. वाकडहून सहा आसनी रिक्षेत कोंबून घेऊन घरी आले तेव्हा पाच वाजले होते. घरात नवरा आणि त्याचे दोघे मित्र नवा गेम लावून बसले होते. मी पाणी प्यायले, तोंड धुतलं, आणि बाहेर आले तर पडद्यावर खात्यांची यादी होती. तिथे फक्त त्याचं नाव होतं.

"माझं खातं कुठाय?" मी विचारलं.

"अगं, जागाच नव्हती. हा गेम इन्स्टॉलच होईना. मग ती दोन खाती उडवली आणि तो मोटारींचा गेमही काढला."

"दोन? मावशींचं पण?"

"सेव्ह फाइल होत्या फक्त. सीडी आहे ना घरात. परत खेळा."

तो हे पडद्याकडे बघत बोलला. मला आठवतंय, एक मित्र चिवड्याची पिशवी फोडत होता.

मी त्याच्या हातातून रिमोट घेतला आणि डिस्कवर काय काय आहे ती यादी उघडली. प्रत्येक वस्तूपुढे तिचा आकार लिहिलेला असतो. मी मोठ्याने वाचायला लागले. फुटबॉलच्या गेमचा फुकट मिळणारा नमुना, दीड जीबी, एकदाही उघडलेला नाही. दुसऱ्या एका गेमचा नमुना, दोन जीबी, उघडलेला नाही. येणाऱ्या गेमच्या जाहिरातींचे व्हिडिओ, अकरा. इंग्रजी सिनेमे, चार, जे लॅपटॉपवरही होते. मी सगळं वाचलं. मग म्हणाले, "गेम सीडीवरून परत टाकता येतो. पण मावशींच्या खात्यात सगळं मिळून अडीच एमबी होतं. माझं चार. साडेसहा एमबीमध्ये तुझ्या या गेमचं पहिलं चित्रसुद्धा मावत नाही. आणि तुम्ही तिघं इंजिनियर आहात."

मित्रांनी चपला घातल्या. नवऱ्याने दार लावलं आणि माझ्याकडे वळून, अगदी हळू, समजुतीच्या सुरात म्हणाला, "आज इतकी का चिडलीस? मुलाखत नीट झाली नाही का?"

त्या वाक्याचा राग मला फाइल पुसल्याच्या रागाहून मोठा आला. माझं चिडणं त्याने माझ्याच खात्यावर टाकून दिलं. मी काही फेकलं नाही, ओरडले नाही. पण तो रविवार आणि त्यानंतरचे कित्येक दिवस मी त्याच्याशी फक्त कामापुरतं बोलले. डोक्यात एकच गोष्ट फिरत होती. जागा करायची वेळ आली तेव्हा यादीत वरपासून खालपर्यंत त्याचं सामान होतं, आणि त्याच्या नजरेला काढण्यासारखं जे दिसलं ते आमचं होतं. आकार बघायचीही गरज त्याला वाटली नाही. बायकांची दुपार. तिला किती जागा लागणार, आणि ती गेली तर काय जाणार.

सोमवारी मावशी नेहमीच्या वेळी आल्या. मी आधीच सांगायला हवं होतं, पण रविवारी मला धीर झाला नाही. त्यांनी स्वतःच खातं शोधलं. आता त्यांना ते येत होतं.

"माजी गाडी दिसंना कुटं."

मी सांगितलं. जागा हवी होती, नवऱ्याने पुसलं, परत येणार नाही.

"कुनाला इचारून?"

"कुणालाच नाही. मी घरी नव्हते."

त्यांनी रिमोट माझ्याकडे सरकवला. मग म्हणाल्या, "ह्या खोल्या बांदल्या तवा माजी लग्नातली पेटी अशीच भायेर काडली व्हती. पोरांनी. जागा पायजे म्हनले. मी श्येतावर व्हते." पेटीत काय होतं ते मी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही. चहा न घेता त्या खाली गेल्या.

संध्याकाळी नवऱ्याची बाइक फाटकात शिरली तेव्हा त्या तिथे उभ्या होत्या. मी गॅलरीतून बघत होते.

"सायेब, माजं काय पुसलं तुमी?"

तो हेल्मेट काढत हसला. "मावशी, सॉरी हां. माझ्या लक्षातच आलं नाही. काळजी करू नका, मी या शनिवारी बसून सगळं परत करून देतो. दोन दिवसांत तुमची सगळी लायसन्सं काढून देतो. गाडीपण पांढरीच."

"तुमी करून दिल्यावर ते माजं कसं हुईल?"

तो हेल्मेट आरशाला अडकवायला लागला.

"हितं भाड्यानं ऱ्हाताया तुमी. मी कदी न इचारता तुमच्या खोलीत आले का? किल्ली हाय माज्याकडं." एवढं बोलून त्या आत गेल्या. नवरा वर आला तेव्हा त्याचा चेहरा पडला होता. मला त्याची दया यायला हवी होती. आली नाही.

दोन दिवसांनी तो पुण्यातून बाहेरून जोडायची हार्ड डिस्क घेऊन आला. मोठी, कन्सोलच्या कितीतरी पट जागेची. "ही तुझी," म्हणाला. "आता जागेचा प्रश्नच नको." आणि लगेच ती स्वतःच जोडायला बसला. कन्सोलला ती ओळखता येईना. तो एकामागून एक बटणं दाबायला लागला, तेव्हा मी त्याला उठवलं.

"मी करते. तू इथे बस."

मी पुस्तिका शेवटपर्यंत वाचली. डिस्क आधी वेगळ्या पद्धतीने फॉरमॅट करावी लागत होती, ते लॅपटॉपवर केलं. काही फाइलींची सुटी नक्कल काढता येतच नव्हती, त्यामुळे संपूर्ण कन्सोलचीच नक्कल काढायचं ठरवलं. त्याला तीन तास लागले. लाइट गेली असती तर पहिल्यापासून करावं लागलं असतं. गेली नाही. नक्कल नीट उतरली आहे ना ते मी तपासलं, दोनदा, जसं कामावर तपासायचे तसं. मग कन्सोलवरचं सामान काढायला घेतलं.

प्रत्येक वस्तूवर थांबून मी त्याला विचारलं. "हा नमुना ठेवायचा का?" "नको." "हा व्हिडिओ?" "नको." "हा सिनेमा?" "तो आहे लॅपटॉपवर." "मग काढू?" "काढ." "नक्की?"

सहाव्या-सातव्या वेळी तो वैतागला. "अगं काढ ना सगळं. प्रत्येक वेळी विचारतेस कशाला?"

"विचारायचं असतं म्हणून."

त्यानंतर त्याने मुकाट्याने उत्तरं दिली. एकूण वीस-बावीस वस्तू होत्या. अर्ध्याहून जास्त डिस्क मोकळी झाली. मोटारींचा गेम मी पुन्हा टाकला, दोन नवी खाती उघडली. रिकामी.

मावशींना मी सांगितलं, आता नक्कल काढून ठेवता येते, आता काही झालं तरी जाणार नाही. त्या वर आल्या, ती डिस्क हातात घेऊन वजन पाहिलं आणि परत दिली. गेम सुरू केला. पहिली परीक्षा, सरळ रस्त्यावर गाडी पळवून रेषेवर थांबवायची, त्यांनी एका दमात पास केली. दुसरीही. मग ते वळण आलं. दोन वेळा गाडी बाहेर गेली. त्यांनी रिमोट खाली ठेवला.

"न्हाई होत आता मन."

"उद्या करू, मावशी."

"व्हय, उद्या."

पण दुसऱ्या दिवशी त्यांनी रिमोट घेतला नाही. नंतरही त्या येत राहिल्या. चहा घ्यायच्या, मी खेळत असले तर बघायच्या, मुलांच्या आणि भाडेकरूंच्या तक्रारी सांगायच्या. मी आग्रह केला की विषय बदलायच्या. जे एकदा अकरा दिवस झगडून मिळवलं होतं ते पुन्हा मिळवायचं त्यांना कारण उरलं नव्हतं, आणि मी त्यांना ते कुठून आणून देणार होते? ती डिस्क कपाटात पडून राहिली. नक्कल काढली ती आमचं पुसल्यानंतर, म्हणून तिच्यात जपून ठेवलेलं सगळं त्याचंच होतं.

दिवाळीनंतर मला नोकरी लागली आणि त्या रिकाम्या दुपारी संपल्या. पुढच्या वर्षी आम्ही सूसला सोसायटीत फ्लॅट घेतला. निघताना मावशींनी मला खण-नारळ दिला, नवऱ्याशीही नीट बोलल्या. मनात ठेवलं असेल तर दाखवलं नाही.

मी मात्र ठेवलं. तो वाईट माणूस नाही. त्यानंतर त्याने माझी कुठलीही वस्तू न विचारता हलवलेली नाही, साधं वर्तमानपत्र रद्दीत टाकतानासुद्धा विचारतो. काही वर्षांनी एकदा गाडीतून जाताना कशावरून तरी हा विषय निघाला, तेव्हा त्याने विचारलं, "तुझा तो राग गेला का गं?"

मी खरं ते सांगितलं. नाही म्हणाले. त्याने मान हलवली आणि पुढे बघून गाडी चालवत राहिला.