रुमालाखालचं बोट

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, मामाला नाही — आणि ज्याला सगळ्यांत आधी सांगायला हवं होतं त्याला तर नाहीच. तुम्हाला सांगतोय, कारण तुमची माझी ओळख नाही. तरी लिहिता लिहिता मनात येतंच, हा वाचणारा कुठला असेल? आखाडा बाळापूरकडचा तर नसेल ना? बघा, सुरुवातच अशी. स्वभावच संशयी माझा. हॉटेलात चहा आला की मी आधी शेजारच्याचा कप बघतो — त्याला जास्त तर नाही ना दिला?

एक गोष्ट आधीच सांगून टाकतो, म्हणजे माझ्याबद्दल उगाच चांगलं मत व्हायला नको. माझ्या एका वाक्यामुळे माझ्या मित्राच्या शब्दावर बैलबाजारात कुणी विश्वास ठेवेनासं झालं. आणि हे सगळं सुरू झालं ते कॉम्प्युटरवरच्या गेममधल्या एका तलवारीपासून. हसू आलं ना? बरीच वर्षं मीही याच हसण्याच्या आड लपलो होतो. गेमच तर होता — असं म्हणत.

गोकुळ आणि मी कॉलेजात बरोबर होतो. तो बाळापूरजवळच्या तांड्यावरचा. त्याचे वडील, बापू, बाजारात बैलांचे सौदे जमवून द्यायचे. बापूंच्या आजोबांच्या पिढीपर्यंत ही माणसं बैलांच्या पाठीवर मीठ-धान्य लादून मुलूख फिरायची. बापूंकडे शेती आली, पण बैल पारखायची नजर तशीच राहिली. गोकुळनेही त्याच कामात पडायचं, हे घरात ठरलेलंच होतं. त्याला आवडतही होतं ते.

बाळापुरात बाजाररस्त्यावर एक कॉम्प्युटर क्लास होता. टायपिंग शिकायला म्हणून जायचं आणि सर जेवायला गेले की गेम लावायचा. ढाल-तलवार घेतलेला एक वीर, राक्षस, गुहा, जादू — असा गेम. चांगला चालणारा कॉम्प्युटर एकच, म्हणून वीरही दोघांत एक. त्याचं नाव आम्ही ठेवलं पवळ्या, बापूंच्या बैलावरून. माऊस माझ्या हातात, कीबोर्ड गोकुळच्या. चालवायचा त्याने, वार करायचा मी. डिस्क भरते म्हणून सरांनी एकच सेव्ह ठेवायची परवानगी दिली होती. नवं सेव्ह केलं की जुनं पुसलं जायचं. म्हणजे मागे फिरायची सोय नाही.

त्या गेममध्ये एक लोहार होता. दगड-धातू गोळा करून त्याच्याकडे न्यायचे, मग तो तलवार सुधारून द्यायचा. पण प्रत्येक वेळी दोन वाटा. पातं जड करायचं की लांब? एक निवडली की दुसरी कायमची बंद. इंग्रजी आम्हाला अर्धंच कळायचं, विचारायला कुणी नाही. मला तर तो लोहारसुद्धा लबाड वाटायचा. हा माणूस दोन वाटा दाखवतोय, त्यातल्या एकीत नक्की याचा काहीतरी फायदा असणार — असं मी खरंच म्हणायचो आणि गोकुळ पोट धरून हसायचा.

मागे उभी राहिलेली पोरं मात्र ओरडून डोकं खायची. हे घे, ते घे! म्हणून गोकुळनेच तोडगा काढला. बैलबाजारात भाव तोंडाने बोलत नाहीत. रुमालाखाली हातात हात घ्यायचा आणि बोटं दाबून आकडा सांगायचा. भोवतीच्यांना पत्ता लागत नाही. आम्हीही तसंच करायचं ठरवलं. पहिल्या वाटेसाठी एक बोट, दुसरीसाठी दोन. एकाने बोट द्यायचं, दुसऱ्याने ते मुठीत धरून दाबलं की सौदा पक्का. नियम त्याने बापूंचेच सांगितले. रुमालात दिलेलं बोट फिरवायचं नाही. आणि सौदा मोडला तरी आत काय झालं ते बाहेर बोलायचं नाही. हा दुसरा नियम लक्षात ठेवा. माझ्या तो फार चांगला लक्षात होता.

तर शेवटची सुधारणा आली. त्यासाठी आम्ही अख्खा हिवाळा धातू गोळा केला होता. पुढे डोंगराएवढा दगडी राक्षस, आणि त्याआधी लोहाराच्या दोन वाटा — तलवारीला आग, नाहीतर तलवारीला विष. गोकुळ म्हणत होता आग. एकदा नाही, पोरं नसताना सारखा म्हणत होता; कारण सांगायला लागला की मी ऐकून घ्यायचो नाही. एवढा आग्रह कशाला? एरवी तर हा म्हणायचा, तुला पटंल ते घे. त्यातून आदल्या दिवशी मी क्लासमध्ये शिरलो तर हा एकटाच त्या कॉम्प्युटरपुढे, शेजारी सर, आणि मी दारात पाय ठेवताच स्क्रीन काळी. लाईट गेली होती हो! पंखाही थांबला होता, मी डोळ्यांनी पाहिलं. पण संशय आला की पंखा दिसत नाही. मी ठरवून टाकलं — हा माझ्या माघारी पवळ्या स्वतःच्या नावावर करून घेतोय. आगीत याचा काहीतरी डाव आहे.

खरं काय होतं ते सरांनी मला पुढे कधीतरी सहज सांगितलं. गोकुळ त्यांच्याकडून त्या दोन वाटांचं इंग्रजी समजून घेत होता. दगडाच्या अंगात रक्त नसतं, त्याला विष लागत नाही, एवढंच तिथे लिहिलेलं होतं.

त्या दिवशी पोरांची गर्दी झाली होती. गोकुळने गळ्यातला रुमाल आमच्या हातांवर टाकला आणि एक बोट दिलं, म्हणजे आग. मी ते मुठीत धरून दाबलं. मग माऊसवर हात ठेवला आणि विष निवडलं.

त्याने माझ्याकडे पाहिलं. पुढे काय होणार? राक्षसाला ओरखडाही उठला नाही. पवळ्या पुन्हा पुन्हा मेला. विष घेताच जुनं सेव्ह पुसलेलं, आग कायमची बंद, हिवाळा पाण्यात गेला. पोरं चिडली. विष कुणी सांगितलं, विष कुणी सांगितलं — सगळे माझ्याकडेच बघायला लागले, कारण माऊस माझ्या हातात होता. आणि मी म्हणालो, "गोकुळनंच दोन बोटं दिली. आता गप बसून बोट फिरवून राहिला."

लक्षात येतंय ना, मी काय केलं? तो तोंड उघडणार नाही हे मला माहीत होतं. त्याच्या घरचा नियम होता तो. मला त्याची खात्री होती, आयुष्यात पहिल्यांदाच कुणाबद्दल इतकी खात्री. संशयी माणसाने एकदाच विश्वास ठेवला, तोही दुसऱ्याचा गळा धरायला.

"रुमालातलं मी बोलत न्हाई," गोकुळ म्हणाला. पोरांना वाटलं, कबूलच केलं याने. नियम मोडला मी, आणि 'बोटफिऱ्या' हे नाव पडलं त्याला. मी त्याला त्या नावाने कधी हाक मारली नाही. पण इतर मारायचे तेव्हा हसलो मात्र.

इथेच थांबलं असतं तर मीही हे पोरखेळ म्हणून विसरलो असतो. पण पोरं घरी बोलतात, घरचे बाजारात बोलतात. पुढच्या वर्षी माझा मामा बैल घ्यायला आला आणि मला बरोबर घेऊन गेला. बाजारात गोकुळ होता. खांद्यावर नवा रुमाल, बापू थोडे मागे उभे — लेकाला पहिल्यांदाच एकट्याने सौदा करू देत होते. मला बघून गोकुळचा चेहरा उजळला. त्याने मामाच्या हातावर रुमाल टाकला. मामाने हात घातला, आणि तसाच बाहेर काढून मला बाजूला घेतलं.

"काय रे, हेच का ते पोरगं? बोट फिरवतंय म्हणून राहिले लोक."

एक शब्द पुरला असता. न्हाई मामा — एवढंच म्हणायचं होतं. गोकुळ माझ्याकडे बघत होता. पण मग मामाने विचारलं असतं, तुला कसं ठाऊक? आणि मग पुढचं सगळंच आलं असतं. मी म्हणालो, "तुमचं तुमी बघा मामा."

मामाने दुसरीकडे बैल घेतला. त्या दिवशी आणखी कुणीकुणी हात मागे घेतले. दुपारी गोकुळने रुमालाची घडी केली, बापूंच्या हातात दिली आणि टेम्पोच्या सावलीत जाऊन बसला. सौदे करताना तो मला पुन्हा कधी दिसला नाही.

पुढे त्याने वारंगा फाट्यावर टायरचं दुकान टाकलं. ट्रकवाल्यांची वर्दळ असते, चाललंय बरं. मी त्या बाजूने जायचं टाळतो. पण एकदा माझ्या मोटारसायकलचं चाक नेमकं तिथेच बसलं. त्याने पंक्चर काढलं, चहा मागवला. मी दोन्ही कपांकडे पाहिलं. त्याने जास्त भरलेला कप माझ्यापुढे सरकवला होता. का? काय हवंय याला माझ्याकडून?

मग तो म्हणाला, "एक विचारू? लई वर्सं झाले, मनात येऊन राहिलं. त्या दिशी माझं बोट तुला नीट लागलं नव्हतं का? हात घामानं ओला व्हता माझा. दोन लागले असतील तुला."

इतकी वर्षं तो माझ्यावर नाही, स्वतःच्या बोटावर संशय घेत होता.

"व्हय," मी म्हणालो. "तसंच झालं असंल." त्याने मान हलवली. बरं वाटलं असावं त्याला. हातातल्या फडक्याने तो बोटं पुसत राहिला.

हात ओला होता, हे खरं. पण बोट एकच होतं. मला ते नीट लागलं होतं.