घरी काय म्हणतात?

"गरी काय म्हणतात?"

कुणाशीही ओळख झाली की प्रोफेसर चष्मा कपाळावर सरकवायचे आणि हा एकच प्रश्न विचारायचे. मराठीतून तो त्यांना मीच शिकवला होता. 'घ' काही त्यांना शेवटपर्यंत जमला नाही. हाच प्रश्न ते अरबीत, मल्याळममध्ये, हिंदीतही विचारू शकत. त्यापलीकडे त्या भाषांतलं एक अक्षरही येत नसे. परक्या मुलखात गेलेला माणूस आधी 'पाणी' आणि 'केवढ्याला' शिकतो, हे तुम्हीही पाहिलं असेल. या जर्मन गृहस्थांची तऱ्हाच निराळी होती.

मी अमिरातीतल्या अल ऐनच्या एका विद्यापीठात लॉ कॉलेजची सेक्रेटरी आहे. मूळची वसईची. पासपोर्टवर माझं नाव, वडिलांचं नाव आणि आडनाव. इथल्या फॉर्मच्या रकान्यांत ती अशी काही बसली की पहिलं वर्षभर मला 'मिस्टर डॉमिनिक' या नावाने ईमेल येत होते. डॉमिनिक माझे वडील. ते बिचारे वसईबाहेर फारसे कधी पडलेच नाहीत. मी हे सांगते तेव्हा सगळे हसतात. प्रोफेसर हसले नाहीत.

"आणि घरी?" त्यांनी विचारलं.

"फिलू."

त्या दिवसापासून त्या इमारतीत मी एका माणसापुरती फिलू झाले, आणि मला ते फार आवडायचं.

नव्या वर्गात त्यांची हजेरीच तासभर चालायची. प्रत्येकाचं घरचं नाव विचारायचं, वहीत लिहायचं आणि परत म्हणून दाखवायचं. मुलं जांभया द्यायची. एकदा डीन म्हणाले, "प्रोफेसर, यल्ला, चला आता, सिलॅबसही शिकवायचा आहे." प्रोफेसर शांतपणे म्हणाले, "हाच सिलॅबस आहे." तळमजल्यावर टपाल सांभाळणारे एक मल्याळी गृहस्थ आहेत. आम्ही सगळे त्यांना वर्षानुवर्षं 'मेलरूम' अशीच हाक मारत होतो. त्यांचं नाव कुट्टन आहे हे प्रोफेसरांनी विचारलं म्हणून आम्हाला कळलं.

मला वाटायचं, उतारवयातला हा एक चाळा आहे.

एका दुपारी ते पाकीट घेऊन माझ्या टेबलाशी आले. हात थरथरायला लागला होता, म्हणून पत्ता छापून हवा होता. एरवी ते पाकिटं स्वतःच्या हाताने लिहीत आणि स्वतः टाकून येत. मी प्रिंटरमध्ये कागद घालत असताना त्यांनी मला सगळं सांगितलं, दुसऱ्याच कुणाचा खटला सांगावा तसं.

जर्मनीत एका लहानशा गावात वीस वर्षं त्यांनी कायदा शिकवला. माणसाचं म्हणणं ऐकल्याशिवाय त्याच्याविषयी निर्णय करायचा नाही, हे त्यांच्या शिकवण्याचं सार. विद्यार्थी दाटीवाटीने बसायचे. मग एका राजकीय पक्षाचे लोक उमेदवारी द्यायला घरी आले. प्रोफेसर निवडणुकीला उभे राहिले, निवडून आले, पुढे राज्यात मंत्री झाले. आसरा मागायला आलेल्या परदेशी माणसांच्या फायली त्यांच्या खात्याकडे होत्या. कुणाला परत पाठवायचं त्याच्या याद्या सहीला यायच्या. अशाच एका यादीत एका बेकरी कामगाराचं नाव होतं. त्याला राहायची परवानगी मिळाली होती. परवानगी नाकारली होती ती त्याच्याच नावाच्या दुसऱ्या माणसाला. यांनी यादी न वाचता सही केली, आणि चुकीचा माणूस विमानात बसवला गेला. तिकडे उतरल्याबरोबर त्याला तुरुंगात टाकलं.

"मला चार महिन्यांनी कळलं," प्रोफेसर म्हणाले. "पक्ष म्हणाला, निवडणूक होऊ द्या, मग बोला. मी गप्प बसलो. आम्ही जिंकलो."

पुढे त्यांनी राजीनामा दिला. तोवर त्याला काही अर्थ उरला नव्हता, हेही त्यांनीच सांगितलं. मग ते इथे शिकवायला आले. सहा वर्षं ते त्या माणसाला तिकडच्या तुरुंगाच्या पत्त्यावर पत्र लिहीत होते. माफी मागायला, आणि तो जिवंत आहे एवढं तरी कळावं म्हणून. प्रत्येक पत्र 'अशी व्यक्ती इथे नाही' असा शिक्का घेऊन परत आलं होतं.

पाकिटावरचं नाव मी पाहिलं. त्या देशाचे विद्यार्थी आमच्याकडे आहेत. नावांचे फॉर्म मीच भरते. देश कोणता ते लिहीत नाही, त्या कामगाराची माणसं अजून तिथे आहेत.

"सर, हे याचं नाव आहे का? यांच्यात आधी स्वतःचं नाव असतं, मग वडिलांचं, मग आजोबांचं. तुमच्या फायलीत शेवटचं नाव आडनाव म्हणून धरलेलं दिसतंय, आणि पाकिटावर तेवढंच आलंय."

त्यांनी खिशातून जुन्या यादीची घडी काढली आणि तिच्यावर बोट ठेवलं. एकेक नाव करत ते शेवटच्या नावापर्यंत आले.

"म्हणजे सहा वर्षं मी त्याच्या आजोबांना लिहितोय," ते म्हणाले, आणि हसले. ते हसू त्यांना आवरेना. मी उठून दार लोटून घेतलं.

दुसऱ्या दिवशी नवं पत्र तयार झालं. नाव नीट, वडिलांच्या नावासकट. "या वेळी डॉक्टर नाही, मंत्री नाही, आडनावसुद्धा नाही," ते म्हणाले. "पत्रात आणि पाकिटाच्या मागे फक्त माझं घरचं नाव लिहिलंय. आणि विद्यापीठाचा पोस्ट बॉक्स." मी बरं म्हटलं आणि मागचं नाव न वाचताच चिकट टेपने पाकीट बंद केलं.

ते पत्र परत आलं नाही. रोज सकाळी ते दारातून विचारायचे, "फिलू, आलं?" मी म्हणायचे, "इन्शाल्ला, सर." दिवसेंदिवस ते वाळत चालले होते. सत्र संपताना त्यांची मुलगी येऊन त्यांना घेऊन गेली. गाडीत बसतानाही त्यांनी तेच विचारलं. पाच आठवड्यांनी ते गेले.

मुलीने निधन कळवणारं छापील कार्ड पाठवलं. त्यावर त्यांची तीन नावं आणि आडनाव. आमच्या कागदांवर पहिलं नाव आणि आडनाव एवढंच असायचं. कार्डावर मधल्या नावाखाली रेघ होती आणि बाजूला मुलीने लिहिलं होतं, 'पपांना आम्ही सगळे या नावाने हाक मारायचो.'

ते नाव मी ऐकलं होतं.

परीक्षेच्या आठवड्यात मेलरूममधून फोन आला होता. "मॅडम, आपके यहाँ इस नाम का कोई है? लेटर आया है. सब डिपार्टमेंट में पूछ रहा हूँ."

मी दुसऱ्या हाताने उत्तरपत्रिकांचे गठ्ठे लावत होते. "नहीं भाई, हमारे यहाँ कोई नहीं."

"खलास, वापस भेजता हूँ."

प्रोफेसर तेव्हा भिंतीपलीकडे, त्यांच्या खोलीत बसलेले होते.

मी कार्ड घेऊन तळमजल्यावर गेले. कुट्टननी रजिस्टर काढलं. नोंद होती. पाठवणारा देश तोच. पुढे लाल अक्षरांत 'परत'. त्या पत्रात काय लिहिलं होतं, माफी होती की शिव्या होत्या, ते आता कुणालाच कळणार नाही.

कुट्टननी रजिस्टर मिटलं. "मॅडम, सर ने मेरा नाम पूछा था. आपका भी. उनका किसी ने पूछा क्या?"

सहा वर्षं तो माणूस माझ्या दारात उभा राहून मला फिलू म्हणत होता. उलट एकदा 'आणि तुम्हाला?' एवढंच मी विचारायचं होतं.